अखेरच्या पहाऱ्यावर घाला

तेलशुद्धीकरणासारख्या कारखान्यात दाब आणि तापमान यांचे नित्य नियमन करणारी यंत्रणा एक असते. आणि ती चुकली, एखादी झडप अडली अथवा कामगाराचे लक्ष क्षणभर ढळले, तर कोणाच्याही हुकुमाची वाट न पाहता सारा कारखाना सुखरूप बंद करणारी सुरक्षा यंत्रणा तिच्याहून स्वतंत्र अशी तैनात केलेली असते. २०१७ साली सौदी अरेबियातील तांबड्या समुद्राच्या काठी, राबिग येथील पेट्रोरसायन कारखान्यात सायबर हल्लेखोरांनी नेमकी ही दुसरी यंत्रणा गाठली.

तेथील ‘ट्रायकोनेक्स’ नियंत्रकात तीन प्रोसेसर एकच गणित स्वतंत्रपणे करतात आणि ज्या उत्तरावर दोघांचे एकमत होते, ते ग्राह्य धरले जाते. एखादा भाग निकामी झाल्याने अनर्थ ओढवू नये, ही त्यामागील तजवीज; परंतु तिघांनाही हेतुपुरस्सर एकच असत्य पढवणाऱ्या शत्रूचा बंदोबस्त तिच्यात नाही. नियंत्रकाच्या दर्शनी भागावर एक किल्ली असते. ती ‘रन’वर असेल तर आज्ञावलीत बाहेरून फेरफार करता येत नाही, ‘प्रोग्रॅम’वर असेल तर येतो, आणि राबिगला ती ‘प्रोग्रॅम’वरच राहून गेली होती. नोंदी तपासण्याच्या नेहमीच्या साधनाचे नाव धारण केलेली एक फाइल अभियंत्यांच्या संगणकावर आली आणि तिच्याद्वारे परकी आज्ञावली नियंत्रकाच्या स्मृतीत उतरली.

जूनमध्ये कारखाना एकदा थांबला, तेव्हा यांत्रिक बिघाड समजून तो पुन्हा सुरू करण्यात आला. ऑगस्टमध्ये प्रोसेसरांची परस्पर पडताळणी जुळेना, म्हणून नियंत्रकांनी आपण होऊन कारखाना बंद केला, तेव्हा कुठे ‘ट्रायटन’ या नावाने ओळखली जाणारी ही परकी आज्ञावली उघडकीस आली. २०२० साली अमेरिकेने याच प्रकरणी मॉस्कोतील एका सरकारी संशोधन संस्थेवर निर्बंध घातले.

चोराला धन हवे असते, हेराला गुपित; सुरक्षा यंत्रणा आंधळी करणाऱ्याला मात्र माणसांच्या प्राणांवाचून दुसरे काय मिळवायचे असते, हे मला उमगत नाही, आणि म्हणूनच हे कृत्य मी इतर सायबर गुन्ह्यांच्या पंक्तीत बसवू शकत नाही. १९८४च्या वायुदुर्घटनेच्या रात्री भोपाळमध्ये शीतकरण बंद होते आणि वायू जाळणारा मनोराही जोडलेला नव्हता. जी दशा तेथे हेळसांडीने झाली, ती आता दूरदेशी बसून घडवून आणता येते.

उपाय मात्र साधे आहेत: सुरक्षा यंत्रणेचे जाळे कचेरीच्या जाळ्यापासून विलग ठेवावे, अकारण थांबलेल्या कारखान्याची सखोल चौकशी झाल्याखेरीज तो सुरू करू नये, किल्ली ‘रन’वर फिरवून काढून घ्यावी व जबाबदार अधिकाऱ्याच्या ताब्यात असावी, आणि ती ‘प्रोग्रॅम’कडे वळताच नियंत्रण कक्षात घंटा वाजावी.