मेनांद्रोसचा मिलिंद

बारसं जवळ आलं की घरात पहिली शोधाशोध सुरू होते ती 'कुणाचंच नसेल असं' नाव मिळवण्याची. आत्या पत्रिकेतलं अक्षर विचारून घेते, आईबाबा मोबाइलवर याद्या चाळत बसतात. त्या याद्यांत हल्ली ग्रीक नावंही डोकावतात, झोई, थिआ, जेसन. ही हौस आता शहरापुरती राहिलेली नाही. मुरबाड तालुक्यातल्या धसईसारख्या बाजाराच्या गावीही ती पोचली आहे. २०१६ च्या डिसेंबरात राज्यातलं पहिलं 'कॅशलेस' गाव म्हणून धसईचं नाव गाजलं, तेव्हा इथल्या दुकानांतली कार्डाची यंत्रं साऱ्या महाराष्ट्राने पाहिली. आता इथल्या मोबाइलवर नावांचा शोध चालतो.

अस्सल ग्रीक वंशाचं, अर्थाने भरलेलं आणि आजच्या बालवाडीच्या पटावर क्वचितच दिसणारं नाव ज्यांना हवं आहे, त्यांना मला एक नाव सुचवायचं आहे. ते दूरवर शोधायला नको. आपल्या काकामामांच्या पिढीत ते घरोघर होतं. ते नाव म्हणजे मिलिंद.

इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकाच्या मध्यावर पंजाब, गांधार आणि काबूलच्या खोऱ्यात मेनांद्रोस नावाचा ग्रीक राजा राज्य करत होता. इंग्रजी पुस्तकांतून तो आपल्याला मेनँडर म्हणून भेटतो. त्याची राजधानी सागल, म्हणजे आजचं सियालकोट. 'मिलिंदपञ्ह' या पाली ग्रंथातला राजा मिलिंद तो हाच. नावाचा प्रवास सलग दाखवता येतो, हे विशेष. त्याच्या नाण्यांवर खरोष्ठी लिपीत 'मेनंद्र' आहे, बाजौरच्या अस्थिकरंडकावर 'मिनेद्र', काश्मीरच्या क्षेमेंद्राकडे 'मिलिंद्र' आणि पालीत 'मिलिंद'. शेवटच्या 'द्र'मुळे ऐकणाऱ्याला इंद्र आठवला असणार. पालीत इंद्राचा 'इंद' होतो, तसा याचा 'इंद' झाला. एका नावात दोन न-कार जवळजवळ आले तर जीभ त्यातला एक बदलून टाकते, तसा पहिल्याचा ल झाला.

अर्थ तर फारच सुंदर आहे. नावाचा उत्तरार्ध 'अनेर', म्हणजे पुरुष. समासात त्याचं 'आंद्र' होतं. हा आपल्या 'नर' शब्दाचा सख्खा भाऊ. पूर्वार्धाचे दोन अर्थ लावतात. 'मेनो' म्हणजे टिकून राहणं, आणि 'मेनोस' म्हणजे अंगातलं बळ, उमेद. हा 'मेनोस' आपल्या 'मनस्'च्या कुळातला. म्हणजे मिलिंद हा पाय रोवून उभा राहणारा पुरुष, किंवा मनाच्या बळाचा पुरुष. हेच 'आंद्र' अलेक्झांडरमध्ये आहे, म्हणून सिकंदरमध्येही आहे, आणि अँड्र्यूमध्येही. वसईच्या एखाद्या शाळेत अँड्र्यू, सिकंदर आणि मिलिंद एका बाकावर बसले असतील, तर तिघांच्या नावांचं मूळ एकाच ग्रीक शब्दात आहे. हे त्या मुलांना कुणीतरी सांगायला हवं.

मेनांद्रोसचं चांदीचं नाणं एकदा तरी नीट बघावं. वजन अडीच ग्रॅमच्या आतबाहेर. एका बाजूला राजाचा मुखवटा. कधी डोक्याला राजपट्टी, कधी शिरस्त्राण. भोवती ग्रीक अक्षरांत 'बासिलेओस सोतेरोस मेनांद्रू', तारणहार राजा मेनांद्रोसचं. उलटवलं की हातात वज्र उगारलेली अथेना देवी, आणि तिच्याभोवती उजवीकडून डावीकडे चालणारी खरोष्ठी अक्षरं: 'महरजस त्रतरस मेनंद्रस'. नाणं एक, भाषा दोन. परका राजा आपल्या प्रजेला तिच्याच भाषेत आपलं नाव सांगतो आहे. या नाण्याला ग्रीक लोक द्राख्मे म्हणत. त्याचा आपल्याकडे 'द्रम्म' झाला आणि पुढे 'दाम'. उत्तर कोकणच्या शिलाहारांच्या लेखांत द्रम्म येतात, आणि आपल्या व्यवहारात दामदुप्पट अजून आहे.

आता धसईच्या पूर्वेला उभ्या असलेल्या सह्याद्रीच्या भिंतीकडे बघू. याच तालुक्यातल्या वैशाखऱ्यापासून नाणेघाटाची वाट चढते. पैठणहून जुन्नर, जुन्नरहून घाट उतरून कल्याण आणि सोपारा, असा हा सातवाहनांचा व्यापारी मार्ग. माथ्यावर जकातीचा म्हणून ओळखला जाणारा दगडी रांजण आहे, आणि गुहेत राणी नागनिकेचा ब्राह्मी लेख. इसवी सनाच्या पहिल्या शतकात एका अनामिक ग्रीक व्यापाऱ्याने लिहिलेलं 'पेरिप्लस' हे दर्यावर्दी टिपण या किनाऱ्याची बंदरं ओळीने सांगतं, भडोच, सोपारा, कल्याण. कल्याणला चुकून आलेली ग्रीक गलबतं पहाऱ्यात भडोचला नेली जातात, अशी तक्रारही त्यात आहे. भडोचबद्दल लिहिताना तो सांगतो की तिथे अजून अपोलोडोटस आणि मेनांद्रोस या राजांच्या नावाची, ग्रीक अक्षरांची जुनी नाणी चालतात. मेनांद्रोस जाऊन तोवर जवळपास दोनशे वर्षं झाली होती. मेनांद्रोसचं राज्य कोकणात कधीच नव्हतं. पण पैठणचा माल भडोचला गाड्या भरभरून जात होता, आणि त्याच बाजारात मेनांद्रोसचं नाव हातोहात फिरत होतं.

मला सगळ्यात मोलाचं वाटतं ते याच घाटाच्या माथ्यावरच्या मुलखात आहे. जुन्नरच्या लेण्यांत यवनांचे, म्हणजे बहुतेक अभ्यासकांच्या मते ग्रीकांचे, दानलेख आहेत. इरिल नावाच्या यवनाने दोन पोढी दिल्या. पोढी म्हणजे कातळात खोदलेलं पाण्याचं टाकं. सह्याद्रीतल्या उन्हाळ्यात दोन टाकी पाणी हे केवढं दान आहे, ते या डोंगरात राहणाऱ्याला सांगायला नको. चिट नावाच्या यवनाने भिक्षूंसाठी भोजनमंडप दिला. चंद नावाच्या तिसऱ्यानेही आपलं दान कोरून ठेवलं. 'चंद' हे नाव तर इथलंच. कार्ल्याच्या चैत्यगृहात धेनुकाकटच्या सिहधय नावाच्या यवनाने खांब दिला. सिहधय म्हणजे सिंहध्वज. नाशिकच्या पांडवलेण्यात सतराव्या लेण्याचा दाता आहे योनक, म्हणजे यवन, इंद्राग्निदत्त. बापाचं नाव धर्मदेव, मुलाचं धर्मरक्षित. हे कुटुंब उत्तरेकडच्या दात्तामित्री नगरीचं, आणि त्या नगरीचं नाव देमेत्रिओस या ग्रीक राजाशी जोडलं जातं. ग्रीक राजाच्या नावाच्या गावाहून आलेल्या माणसाने आईवडिलांसाठी नाशिकला लेणं खोदवलं, आणि त्याच्या घरातलं एकही नाव ग्रीक उरलेलं नव्हतं. त्याहीआधी, अशोकाच्या काळात अपरांतात, म्हणजे आपल्या कोकणपट्टीत, धम्म सांगायला जो थेर पाठवला गेला, त्याचं नाव महावंसात 'योनक धम्मरक्खित' असं दिलं आहे. ते यवन इथली नावं घेऊन इथे मिसळून गेले. आपण त्यांचं एक नाव ठेवून घेतलं. नावांचा हा व्यवहार दोन्ही बाजूंनी झाला.

मिलिंद हे नाव जगलं ते मात्र नाण्यामुळे नव्हे, पुस्तकामुळे. 'मिलिंदपञ्ह' म्हणजे राजा मिलिंद आणि भिक्षू नागसेन यांचा संवाद. ब्रह्मदेशात तर या ग्रंथाला तिपिटकातच जागा आहे. ट्रेंक्नर यांनी त्याची रोमन लिपीतली आवृत्ती १८८० साली काढली, आणि मुंबई विद्यापीठाने १९४० साली रा. द. वाडेकरांनी संपादित केलेली देवनागरी आवृत्ती प्रसिद्ध केली. बारशाच्या घरात या ग्रंथाची आठवण काढावी असं त्याच्या सुरुवातीलाच काही आहे. राजा विचारतो, भंते, आपलं नाव काय? नागसेन म्हणतात, मला नागसेन म्हणतात, पण आईबाप नागसेन, शूरसेन, वीरसेन असं काहीही नाव ठेवतात. ती हाक मारण्याची सोय आहे, त्या नावामागे कायमचा असा कुणी सापडत नाही. राजा चिडतो. मग दान घेतो कोण, शील पाळतो कोण? नागसेन त्याला त्याच्या रथाबद्दल विचारू लागतात. आस म्हणजे रथ का, चाकं म्हणजे रथ का, जू म्हणजे रथ का? राजाला प्रत्येकाला नाही म्हणावं लागतं, आणि शेवटी या सगळ्यांच्या मेळालाच रथ म्हणतात, हे तो स्वतःच्या तोंडाने सांगतो. सत्ता हातात असलेला माणूस भिक्षूसमोर बसून वाद घालतो, पटल्यावर मान्य करतो आणि पुन्हा पुढचा प्रश्न विचारतो. माझ्या मते मिलिंद या नावाची खरी श्रीमंती इथे आहे.

ग्रीक लेखक प्लुटार्कने या राजाबद्दल एक गोष्ट नोंदवली आहे. मेनांद्रोस छावणीत वारला, तेव्हा त्याच्या राखेसाठी नगरांमध्ये तंटा झाला. शेवटी राख सारखी वाटून घेऊन प्रत्येक नगराने त्यावर स्मारक उभारलं. बुद्धाच्या अस्थींची अशीच वाटणी आपल्याला ठाऊक आहे. परक्या राजाला असा मान क्वचितच मिळाला असेल.

महाराष्ट्रात हे नाव घरोघर नेण्याचं मोठं श्रेय डॉ. बाबासाहेब आंबेडकरांकडे जातं. त्यांच्या पीपल्स एज्युकेशन सोसायटीने १९५० साली औरंगाबादेत महाविद्यालय सुरू केलं. मराठवाड्यातल्या गोरगरिबांच्या पोरांना उच्च शिक्षणाचं दार उघडणाऱ्या त्या संस्थेला मिलिंदाचं नाव मिळालं आणि परिसराला नागसेनवन. विद्यार्थी कसा असावा, तर निर्भयपणे विचारणारा आणि पटलं तर प्रांजळपणे मानणारा. या नावातच ते सगळं आलं.

१४ ऑक्टोबर १९५६ च्या नागपूरच्या धम्मदीक्षेनंतर पाळण्यात नवी नावं आली, सिद्धार्थ, राहुल, आनंद, सुजाता, संघमित्रा, मिलिंद. शूद्राचं नाव तिरस्कार वाटेल असं ठेवावं, असं मनुस्मृतीचा दुसरा अध्याय सांगतो. तीच मनुस्मृती २५ डिसेंबर १९२७ रोजी महाडला जाळली गेली. ज्यांच्या वाट्याला धड नावसुद्धा येऊ नये अशी व्यवस्था होती, त्यांनी आपल्या लेकराला एका प्रश्नकर्त्या राजाचं नाव दिलं. या नामकरणामागे फार मोठी हिंमत आहे. त्याच औरंगाबादेत पुढे विद्यापीठाला बाबासाहेबांचं नाव मिळावं म्हणून सोळा वर्षं लढा चालला, माणसांचे जीव गेले, आणि १४ जानेवारी १९९४ ला नामविस्तार झाला. नावात काय आहे, असं मराठी माणसाने तरी विचारू नये.

या नावाला दुसराही झरा आहे. संस्कृत काव्यात मिलिंद म्हणजे भुंगा. पांढरपेशा घरांत अनेकांनी हे नाव ठेवलं ते कमळाभोवतीच्या त्या भुंग्याच्या अर्थाने. क्रिकेटपटू मिलिंद रेगे, कथाकार मिलिंद बोकील, गायक मिलिंद शिंदे, मुलखाच्या आणि समाजाच्या किती कोपऱ्यांत हे नाव गेलं बघा. कुणी राजाचं म्हणून ठेवलं, कुणी भुंग्याचं म्हणून. दोन्ही घरांनी ते प्रेमानेच ठेवलं. भुंग्याच्या अर्थाने ठेवणाऱ्यांनी राजाचीही ओळख करून घ्यावी, एवढंच माझं म्हणणं.

'आमच्याकडे पत्रिकेप्रमाणेच नाव ठेवतात, ग्रीक नाव कसं चालेल?' अशी शंका घरातलं वडीलधारं कुणी काढेल. त्यांना आदराने सांगावं की पत्रिकेतच ग्रीक शब्द भरलेले आहेत. होरा ग्रीकांची, केंद्र म्हणजे त्यांचं 'केंत्रोन', सप्तम स्थानाला जामित्र म्हणतात ते त्यांच्या 'दिआमेत्रोस'वरून, द्रेष्काणही तिकडूनच आलेला. वराहमिहिराने तर यवनांना या शास्त्रातले जाणकार म्हणून ऋषींसारखा मान दिला आहे. 'म' अक्षर आलं असेल तर निःशंक मनाने आत्याला बाळाच्या कानात मिलिंद म्हणू द्या.

आणि मुलगा दहाबारा वर्षांचा झाला की त्याला नाणेघाट चढवून जुन्नरला न्या. इरिलाची दोन टाकी आणि चिटाचा भोजनमंडप दाखवा. जाताना एक पथ्य मात्र कडक पाळा, आणि सोबतच्या पोरांनाही पाळायला लावा. या गुहांच्या भिंतींवर खडूने, चुन्याने, खिळ्याने आपलं नाव काढणाऱ्यांनी दोन हजार वर्षांपूर्वीची अक्षरं खराब केली आहेत. संरक्षित स्मारकाची अशी नासधूस हा गुन्हा आहे आणि त्याला दोन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाख रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही, अशी शिक्षा आहे. तिथल्या कातळावरची नावं वाचा. त्यावर आपलं नाव लिहू नका.