साल सांगणाऱ्या वस्तू

जुन्या काळावरचा चित्रपट करायचा ठरला की मुंबईतल्या कला विभागाची माणसं चोरबाजारातल्या मटण स्ट्रीटला चक्कर मारतात. भोंग्याचे ग्रामोफोन, बेकेलाइटचे काळे टेलिफोन, पितळी स्टोव्ह, ट्रंका, रेमिंग्टनचे टाइपरायटर. काही विकत मिळतं, काही अनामत ठेवून भाड्यानं. याखेरीज घरच्या माळ्यावर किंवा भाड्याच्या गाळ्यात वस्तू जपणारे संग्राहक आहेत. ‘हरिश्चंद्राची फॅक्टरी’ (२००९), ‘बालगंधर्व’ (२०११), ‘एक अलबेला’ (२०१६) अशा चित्रपटांत कथा घडते ती अशाच सामानाच्या सोबतीनं.  

चांगला संग्राहक वस्तूबरोबर तिचं सालही देतो, आणि तेच जास्त मोलाचं असतं, असं माझं ठाम मत आहे. पिनकोड १५ ऑगस्ट १९७२ला आला; म्हणजे १९६५ सालच्या पाकिटावर तो नको. १ एप्रिल १९५७च्या आधी वाण्याच्या गल्ल्यात आणे हवेत. मुंबईत दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ला सुरू झालं, रंग दिसू लागले १९८२मध्ये. ‘एमएच’ पाटीची फियाट १९८९पूर्वीच्या रस्त्यावर धावली की जाणत्या प्रेक्षकाचा विश्वास उडतो. पेशवाईतल्या चुका थोड्यांनाच कळतात. १९८०च्या दशकातली चूक घरातली आजीसुद्धा पकडते. तरी मालिकांत याच जवळच्या काळाची सर्वांत जास्त हेळसांड होते, याचं मला वाईट वाटतं.

वस्तू वापरायची कशी, हेही संग्राहकालाच ठाऊक असतं. व्हॉल्व्हचा रेडिओ खटका दाबताच बोलत नाही. व्हॉल्व्ह तापेपर्यंत काही सेकंद थांबावं लागतं. पडद्यावर मात्र नट बटण फिरवतो आणि क्षणात बातम्या सुरू! ग्रामोफोनला किल्ली द्यावी लागते, पोलादी सुई वरचेवर बदलावी लागते आणि लाखेची तबकडी एका बाजूला तीनेक मिनिटंच वाजते. नटाला हे दाखवलं तर त्याच्या हातांना आपोआप काम मिळतं आणि अभिनयातही फरक पडतो.

नुकसान मात्र संग्राहकाचं होतं. प्रखर दिव्यांखाली तबकड्या वाकतात, घाईत ट्रकमध्ये चढवताना रेडिओच्या पेटीला तडे जातात. अनामत रकमेतून दुरुस्ती होते, पण जुनी सुटी बटणं परत मिळत नाहीत. पुण्यात दिनकर केळकरांनी आयुष्यभर जमवलेला संग्रह राज्य सरकारच्या स्वाधीन केला; त्यांच्या संग्रहालयातल्या वस्तू काचेआड सुरक्षित आहेत. नटाच्या हाती द्यायची वस्तू खासगी संग्राहकाकडूनच येते, आणि तिची झीज तोच सोसतो.

म्हणून वस्तू देताना छायाचित्रांसह लेखी नोंद व्हावी, नेण्या-आणण्याची जबाबदारी निर्मात्यानं घ्यावी आणि संग्राहकाचं नाव श्रेयनामावलीत यावं. त्याला पटकथेच्या वाचनालाच बोलवावं. सामानाची यादी तयार झाल्यावर सालाची चूक सुधारायला कुणालाच सवड नसते.