जुन्या रिळांचा माग

सोलापूर-पुणे महामार्गावरच्या चिंचोळी एमआयडीसीवर माहितीपट करायचा, तर आजचे कारखाने ड्रोनही टिपेल. पण 1877 साली सुरू झालेल्या जुन्या गिरणीपासूनची सोलापूरची उद्योगकथा दाखवायची, तर जुनं चित्रण हुडकणारा माणूस लागतो. श्रेयनामावलीत त्याचं नाव बारीक अक्षरांत सरकून जातं.

त्याचं निम्मं काम संशय घेण्याचं. सोलापूरचे डॉ. द्वारकानाथ कोटणीस घ्या. 1938 साली पाच भारतीय डॉक्टरांचं पथक चीनला गेलं, त्यात ते होते. 9 डिसेंबर 1942 रोजी तिथंच वारले. त्यांचं नाव काढलं की अनेकांच्या डोळ्यांपुढं येतात ते व्ही. शांताराम, कारण 1946 च्या ‘डॉ. कोटनीस की अमर कहानी’त नायक तेच होते. त्यातलं युद्ध, रुग्णालय सगळं उभं केलेलं. ते अस्सल म्हणून माहितीपटात घुसवलं, तर ती शुद्ध फसवणूक. म्हणून प्रत्येक तुकड्यामागं तेच प्रश्न: कोणी, कधी, कुठं टिपलं?

मग हक्क. भारतात चित्रपटाचा स्वामित्वहक्क प्रदर्शनानंतरच्या वर्षापासून 60 वर्षं टिकतो. मुदत संपली तरी चांगली प्रत ज्याच्याकडे, त्याचं दार ठोठावावंच लागतं.

शोध बहुधा पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात पोचतो. ते 1964 सालचं. फिल्म्स डिव्हिजनचे वार्तापट हाही मोठा साठा. 2022 साली दोन्ही संस्था राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात (एनएफडीसी) विलीन झाल्या. जुनी नायट्रेट फिल्म भयंकर ज्वालाग्राही; 2003 साली पुण्यातल्या आगीत अशी कितीतरी रिळं गेली. कधी शोधाचं उत्तर ‘उपलब्ध नाही’ एवढंच निघतं. तेही दिग्दर्शकाला वेळेत कळवावं लागतं, कारण त्यावर संहिता बदलते.