मूकपट आणि पडद्याबाहेरचे गाणे

मूकपटात गाणे! ऐकून नवल वाटेल. पण १२ सप्टेंबर १९१९ रोजी फिलिपाइन्समधील मनिला शहरात ही किमया घडली. पडद्यावर फुले विकणारी एक मुलगी नुसते ओठ हलवीत होती आणि तीच नटी, आतांग दे ला रामा, थिएटरात प्रत्यक्ष हजर राहून गात होती!

चित्रपटाचे नाव ‘दालागांग बूकिद’, म्हणजे खेड्यातली तरुणी. फिलिपिनो माणसाने काढलेला हा पहिला कथापट. दिग्दर्शक होसे नेपोमुसेनो तेव्हा अवघे २६ वर्षांचे होते.

नेपोमुसेनो मूळचे फोटोग्राफर. देशावर त्या वेळी अमेरिकेचा अंमल होता. राष्ट्रवीर होसे रिझाल यांच्या जीवनावर १९१२ साली चित्रपट निघाले खरे, पण तेही काढले अमेरिकनांनीच! नेपोमुसेनोंनी आपला चांगला चालता फोटो स्टुडिओ विकला, एका अमेरिकन चित्रपटवाल्याकडून कॅमेरा व यंत्रसामग्री घेतली आणि १९१७ साली ‘मलायन मूव्हीज’ ही कंपनी काढली. हातचे सोडून पळत्यापाठी लागण्याचेच हे धाडस!

पहिल्या चित्रपटासाठी त्यांनी लोकांच्या आवडीचे संगीत नाटक निवडले. लेखक एर्मोहेनेस इलागान, संगीत लेओन इग्नासियो यांचे. जुगारात कर्जबाजारी झालेले आईबाप पोरीला एका धनाढ्य म्हाताऱ्याच्या गळ्यात बांधू पाहतात. तिचे मन मात्र एका तरुण विद्यार्थ्यावर जडलेले. हा म्हातारा नवरदेव आपल्याही रंगभूमीला अनोळखी नाही!

नेपोमुसेनो तेथेच थांबले नाहीत. १९२७ साली त्यांनी ‘आंग मनानंग्गल’ हा भयपट काढला. मनानंग्गल ही तिकडच्या लोककथेतली हडळ. रात्री तिचे धड कमरेपासून सुटते आणि पंख पसरून उडते! मूकपटांच्या जमान्यात असली दृश्ये कॅमेऱ्यातच साधावी लागत. भिंगाचा काही भाग झाकून चित्रण करायचे, फिल्म उलटी गुंडाळायची आणि उरलेला भाग त्याच फिल्मवर पुन्हा टिपायचा. हात जरा चुकला की सारी मेहनत पाण्यात. पुढे १९३३ साली ‘सोन्याची कट्यार’ अशा अर्थाच्या नावाचा बोलपट काढून त्यांनी पडद्यालाही वाचा दिली.

१९५९ साली नेपोमुसेनो निवर्तले. २०१९ मध्ये फिलिपाइन्सने आपल्या चित्रपटसृष्टीची शताब्दी साजरी केली. पण जिच्यामुळे हा सोहळा, ती ‘खेड्यातली तरुणी’ कुणाला पाहता आली नाही. तिची रिळे कधीच नाहीशी झाली आहेत. त्या काळची फिल्म पटकन पेट घेणारी, दमट हवेत कुजणारी. त्यात १९४५ च्या लढाईत मनिला शहर बेचिराख झालेले.

टिकले ते गाणे. फुटलेल्या मडक्याचे ते गीत, ‘नाबासाग आंग बांगा’, मूकपटाच्या फितीवर कधी उमटलेच नव्हते. ते आतांगच्या गळ्यात होते. १९८७ साली देशाने तिला ‘राष्ट्रीय कलावंत’ म्हणून गौरविले. पडद्यावरचे सारे गेले, आणि पडद्याबाहेरचे तेवढे उरले!