भरपाई आणि काळ

बंगालीत ज्याला 'क्षतिपूरण' म्हणतात, त्याला मराठीत 'नुकसानभरपाई' हा शब्द रूढ आहे. दोहोंतील कल्पना एकच : जे रिते झाले ते भरून काढणे. मात्र ते केव्हा भरून काढावयाचे, याविषयी दोन्ही शब्द मौन पाळतात. शासनाने संपादित केलेल्या जमिनीचा मोबदला वर्षानुवर्षे न्यायालयात अडकून राहतो, तेव्हा हाच 'केव्हा' महत्त्वाचा ठरतो.

कोलकात्यातून सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलेल्या एका खटल्याने हा प्रश्न स्पष्टपणे पुढे आणला. फाळणीनंतर पूर्व बंगालमधून आलेल्या निर्वासितांच्या वसाहतींसाठी पश्चिम बंगालमध्ये १९४८ साली जमीन विकास व नियोजनाचा कायदा करण्यात आला. जमीन केव्हाही घेतली, तरी तिचा मोबदला ३१ डिसेंबर १९४६ रोजीच्या बाजारभावाहून अधिक असू नये, असे त्यात ठरविलेले होते. 'पश्चिम बंगाल राज्य विरुद्ध बेला बॅनर्जी' या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने ११ डिसेंबर १९५३ रोजी ही मर्यादा घटनाबाह्य ठरविली. मोबदला म्हणजे गेलेल्या मालमत्तेचे न्याय्य तुल्यमूल्य होय, आणि मधल्या काळातील भाववाढ सरसकट नाकारून ते निश्चित करता येणार नाही, असा या निर्णयाचा आशय होता. पुढे १९५५ च्या चौथ्या घटनादुरुस्तीने मोबदल्याच्या पुरेपणाचा प्रश्न न्यायालयांच्या कक्षेबाहेर नेला, आणि १९७९ मध्ये अंमलात आलेल्या चव्वेचाळिसाव्या दुरुस्तीने मालमत्तेचा हक्क मूलभूत हक्कांतून वगळला.

वस्तुतः जो काळ त्या कायद्याने उघडपणे गोठविला होता, तोच न्यायालयीन विलंबाने मूकपणे गोठतो. १८९४ च्या भूसंपादन कायद्यान्वये पहिल्या अधिसूचनेच्या दिवशीचा बाजारभाव धरला जाई. निवाडा अमान्य असल्यास मालकाने कलम १८ अन्वये प्रकरण दिवाणी न्यायालयाकडे पाठविण्याची मागणी करावयाची. त्यानंतर उच्च न्यायालयात अपील. रक्कम वाढवून मिळाली, तरी ती वसूल करण्यासाठी पुन्हा दरखास्त. प्रत्येक पायरीला आपापले समर्थन आहे; परंतु या साऱ्या काळात जमिनीचा भाव मात्र अधिसूचनेच्या दिवशीच थांबलेला असतो.

पश्चिम बंगालमध्ये याला आणखी एक जोड होती. १९४८ च्याच दुसऱ्या एका कायद्याखाली जमीन आधी अधिग्रहित करून तिचा ताबा घेता येई. संपादन व मोबदला मागाहून येत. तात्पुरता म्हणून केलेला हा कायदा मुदतवाढ मिळत मिळत ३१ मार्च १९९७ पर्यंत टिकला.

केंद्रीय कायद्यात १९८४ साली झालेल्या दुरुस्तीने काळाची किंमत मान्य केली. निवाड्यास दोन वर्षांची मुदत घातली गेली; दिलासा रक्कम शेकडा ३० झाली; आणि ताब्यानंतर न दिलेल्या रकमेवर पहिल्या वर्षी शेकडा ९ व पुढे शेकडा १५ असे व्याज ठरले. एक लाख रुपये दहा वर्षे थकले, तर सरळ हिशेबाने व्याज १,४४,००० रुपये होते. ही रक्कम लहान नव्हे. परंतु ती हाती येते ती शेवटी. शेत गेलेल्या कुटुंबाला दुसरे शेत घ्यावयाचे असते ते पहिल्याच वर्षी. शिवाय हे व्याज सार्वजनिक तिजोरीतून जाते. ज्याच्या हातून विलंब झाला, त्याला त्याची झळ पोहोचत नाही. म्हणून व्याज वाढविल्याने विलंब आपोआप कमी होत नाही.

२०१३ च्या कायद्याने पूर्ण मोबदला दिल्यानंतरच ताबा, हे सामान्य तत्त्व स्वीकारले. जुन्या प्रकरणांना मात्र त्याचा लाभ मर्यादितच झाला : शासनाने ताबा घेतलेला असल्यास केवळ मोबदला न दिल्याने जुनी कार्यवाही रद्द होत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या पीठाने २०२० मध्ये ठरविले.

तात्पर्य, भरपाईच्या विचारात किती या प्रश्नाइतकेच केव्हा या प्रश्नालाही स्थान हवे. बेला बॅनर्जी खटल्यातील 'न्याय्य तुल्यमूल्य' या कल्पनेचा तोच गाभा होता, आणि ताब्याआधी मोबदला या क्रमातच तो खऱ्या अर्थाने सांभाळला जातो.