गाणे घरात आले तेव्हा

एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस महाराष्ट्रातील एखाद्या प्रतिष्ठित गृहस्थाने आपल्या कन्येस गाणे शिकविण्याचे मनात आणले असते, तर आप्तेष्टांनी त्याला वेड्यात काढले असते. गाणे ऐकण्यास कोणाची हरकत नव्हती. हरकत होती ती गाणाऱ्यास बरोबरीने पाटावर बसविण्यास. गवई हा दरबारचा आश्रित आणि गायिका कलावंतिणीच्या कुळातली, असा हिशेब समाजाने मांडून ठेविला होता.

तो हिशेब मोडण्याचे श्रेय पुष्कळ अंशी विष्णु दिगंबर पलुसकरांना द्यावे लागते. कुरुंदवाडास १८७२ साली त्यांचा जन्म झाला. बालपणी दारूकामाच्या अपघाताने दृष्टी अधू झाली, म्हणून ते मिरजेस बाळकृष्णबुवा इचलकरंजीकरांकडे गायन शिकू लागले. गुरूची विद्या थोर, पण सभेत त्याला मान नाही, ही विसंगती त्यांना तेथेच डाचू लागली असावी. १८९६ साली त्यांनी मिरज सोडली व ५ मे १९०१ रोजी लाहोर येथे गांधर्व महाविद्यालय स्थापिले. एखाद्या संस्थानिकाच्या मर्जीवर नव्हे, तर लोकाश्रयावर.

येथे गुरुगृही वर्षानुवर्षे तिष्ठण्याऐवजी वेळापत्रक, परीक्षा व छापील स्वरलिपी आली. आपली चीज कुलूपबंद ठेवणाऱ्या जुन्या उस्तादांना ही घरफोडीच वाटली असल्यास नवल नाही; आणि त्यांचे म्हणणे अगदीच पोकळ नव्हते. स्वर कागदावर उतरतो, त्याचा लगाव उतरत नाही. या शाळांतून तानसेन किती निघाले हा प्रश्न बाजूस ठेविला, तरी कानसेन मात्र घरोघर निर्माण झाले. १९०८ साली मुंबईस शाखा निघाली. पुढे तिची इमारत कर्जापायी लिलावात गेली. परंतु तोवर ओंकारनाथ ठाकूर, विनायकराव पटवर्धन, नारायणराव व्यास हे शिष्य तयार झाले होते.

या सुधारणेची किंमत मात्र दुसऱ्यांनीच मोजली. चिजांतील शृंगार गाळून तेथे भक्ती बसविण्यात आली. घरंदाज मुलीच्या हाती तंबोरा आला तो या सोवळ्याच्या अटीवर. ज्या स्त्रियांच्या कंठात ठुमरी पिढ्यानुपिढ्या जगली, त्यांना या नव्या सभ्य मंडळात सहजी जागा मिळाली नाही.

तरीही गोव्यातील कलावंत समाजात जन्मलेल्या केसरबाई केरकर यांनी जुन्याच रीतीने, उस्ताद अल्लादियाखाँसमोर बसून तालीम घेतली. १९७७ साली अवकाशात सोडलेल्या व्हॉयेजर यानांवरील तबकडीत भारतीय संगीताचा एकच नमुना आहे, आणि तो त्यांच्या कंठातील भैरवी आहे.