संस्कृतच्या प्राध्यापकांचा एक हंगाम

उमरोळीच्या स्थानकावर पहांटेच्या गाडीची वाट पाहत उभें राहिलें, म्हणजे दोन-चार तरी मुलें क्रिकेटच्या सामानाची अवजड पिशवी खांद्यावर घेऊन आलेलीं दिसतात. पालघरच्या शार्दूल ठाकुरनें याच लोहमार्गानें मुंबईच्या मैदानांवर ये-जा करून भारताच्या संघांत स्थान मिळविलें, हें इकडे घरोघरीं ठाऊक आहे. तथापि मुलगा पिशवी उचलूं लागला, कीं माजघरांतून येणारा प्रश्न अजून तोच आहे : "आणि अभ्यासाचें काय?"

परवां शेजारच्या एका वृद्ध गृहस्थांनीं नातवाचा खेळ बंद करावा कीं काय, असें मला विचारलें. मी पडलों संस्कृतचा मास्तर. माझा कौल आपल्याच बाजूस पडणार, अशी त्यांची खात्री होती. आणि ती अगदींच निराधार नव्हती. नोकरींत असतांना एका विद्यार्थ्याची बॅट परीक्षा संपेपर्यंत मी कपाटांत कुलूपबंद ठेविली होती. पण या खेपेस मी त्यांना 1940-41 सालची एक हकीकत सांगितली.

ती मजपर्यंत आली माझ्या गुरुजींकडून. ते पुण्याच्या सर परशुरामभाऊ महाविद्यालयाचे विद्यार्थी. तेथील संस्कृतचे प्राध्यापक दिनकर बळवंत देवधर हेच रणजी करंडकाच्या सामन्यांत महाराष्ट्राचे कर्णधार होते. अमेरिकेंत महाविद्यालयीन फूटबॉलचें केवढें प्रस्थ आहे, हें तिकडे शिकणाऱ्या मुलांच्या पालकांनीं ऐकलें असेल. मिशिगन विद्यापीठाच्या क्रीडांगणांत एक लाखाहून अधिक प्रेक्षक बसतात आणि कित्येक राज्यांत सर्वांत अधिक वेतन घेणारा सरकारी नोकर हा विद्यापीठाच्या फूटबॉलसंघाचा प्रशिक्षक असतो. पण तो मैदानाच्या कडेला उभा राहतो. आमचे प्राध्यापक पायांस पॅड बांधून स्वतःच आंत जात.

1939-40 सालीं महाराष्ट्रानें अंतिम सामन्यांत संयुक्त प्रांतावर 10 गडी राखून विजय मिळविला व करंडक प्रथमच आपल्याकडे आणला. त्याच हंगामांत विजय हजारे यांनीं पुण्यास बडोद्याविरुद्ध नाबाद 316 धावा काढल्या होत्या. एकदां मिळालें तें दैवानें मिळालें, असें म्हणणारे लोक सर्वत्र असतातच. म्हणून दुसऱ्या वर्षाची कसोटी अधिक कठीण होती, आणि वाटेंत मुंबई उभी होती.

तो सामना पुण्यास झाला. महाराष्ट्राच्या 675 धावा झाल्या, त्यांत एकट्या देवधरांच्या 246. त्यांचें वय तेव्हां 48 वर्षांचें होतें. या वयांत आपल्याकडील गृहस्थ जिना चढतांना कठड्याचा आधार शोधूं लागतात! इतक्या धावा झाल्यावर निकालाची चिंता नको, असें कोणासही वाटेल. परंतु मुंबईच्या खंडू रंगणेकरांनीं 202 धावा काढल्या आणि मुंबईचा डाव 650 पर्यंत जाऊन पोहोंचला. सामना पुरा न झाल्यास पहिल्या डावांत ज्याची आघाडी तो विजयी, हा नियम. त्यामुळें 1325 धावांच्या या प्रचंड खटाटोपाचा निकाल अवघ्या 25 धावांनीं लागला. गुरुजी आम्हांस येथें थांबवून त्रैराशिकाच्या थाटांत विचारीत, "प्राध्यापक 220 वर बाद झाले असते तर?" इतरांच्या धावा तेवढ्याच धरल्या, तर महाराष्ट्र एका धावेनें हरला असता. वर्गांत क्षणभर कोणी बोलत नसे.

अर्थात् सारा भार एकट्या वडीलधाऱ्यावर नव्हता. बाविशींतल्या रंगा सोहोनीनें पश्चिम हिंद संस्थानांविरुद्ध नाबाद 218 धावा केल्या. त्या हंगामांत त्याच्या एकूण धावा 655 आणि सरासरी 131. अंतिम सामना मद्रासला, चेपॉकच्या मैदानावर झाला. यजमानांचा 6 गडी राखून पराभव करून महाराष्ट्रानें करंडक सलग दुसऱ्या वर्षीं राखला.

एवढ्या माणसाला भारतातर्फे एकही अधिकृत कसोटी सामना खेळावयास मिळाला नाहीं. 1926 सालीं इंग्लंडहून आलेल्या गिलिगनच्या संघाविरुद्ध त्यांनीं 148 धावा काढल्या होत्या. पण भारताचा पहिला कसोटी सामना झाला 1932 सालीं, तेव्हां त्यांनीं चाळिशी गांठली होती. हें मला अजून खटकतें. त्यांनीं मात्र बॅट खालीं ठेविली नाहीं. 1944 सालीं, वयाच्या 52 व्या वर्षीं, नवानगरविरुद्ध एकाच सामन्यांत 105 व 141 अशीं दोन शतकें केलीं. त्यांच्या कन्यांनींही बॅडमिंटनमध्यें नांव मिळविलें. 1993 सालीं, वयाची शंभरी ओलांडून, ते निवर्तले.

शेजारी शांतपणें ऐकत होते. शेवटीं म्हणाले, "मास्तर, ते प्राध्यापक होते. आमचा बाळ अजून 'हरि' शब्द चालवितांना अडखळतो, त्याचें काय?"

यावर मजपाशीं उत्तर नव्हतें. सकाळीं मैदान आणि आठवड्यांतून तीन सायंकाळीं माझ्याकडे रूपावलि, असें ठरलें. काल पोरगा गाडीला उशीर झाल्यानें अर्धा तास उशिरां आला ; पिशवी ओसरीवर ठेवून बसला आणि "हरिः हरी हरयः" म्हणूं लागला. चतुर्थीच्या एकवचनाशीं पुन्हां अडला.